अर्तेम्येव्हचं वाद्य संगणकावर: 'व्हर्च्युअल एएनएस'ची झाडाझडती

रशियन दिग्दर्शक तार्कोव्हस्कीचा 'सोलारिस' हा सिनेमा पाहून झाला की बाखची सुरावट डोक्यात राहते. पण संगीतकार म्हणून एदुआर्द अर्तेम्येव्हचं खरं काम त्या सुरावटीच्या मागे आहे. समुद्राची घुरघुर, अंतराळस्थानकाच्या भिंतींतून झिरपणारा गुंजारव, गाड्यांच्या आवाजातून नकळत वर येणारा स्वरांचा ढग हे सारं त्याचं. ज्या यंत्रावर ते घडलं ते 'एएनएस' जगात एकच आहे आणि मॉस्कोच्या ग्लिंका संगीत संग्रहालयात ठेवलेलं आहे. त्याची संगणकीय प्रतिकृती म्हणजे अलेक्झांडर झोलोतोव या प्रोग्रामरचं 'व्हर्च्युअल एएनएस'. त्याचंच 'सनवॉक्स' हे संगीत रचण्याचं सॉफ्टवेअर वापरणाऱ्यांना हे नाव नवीन नाही. विंडोज, मॅक आणि लिनक्सवर ते मोफत मिळतं, मोबाइल आणि टॅब्लेटसाठी पैसे मोजावे लागतात.

निकाल आधीच सांगतो. 'सोलारिस'चं संगीत कसं बांधलंय ते कानाला कळावं म्हणून घेणार असाल तर याहून चांगलं साधन नाही. त्याच दिग्दर्शकाच्या 'स्टॉकर'चा आवाज काढायला घेणार असाल तर चुकीच्या दुकानात आलात. का, ते पुढे येईलच.

मूळ यंत्र काय होतं

अर्तेम्येव्हचा जन्म ३० नोव्हेंबर १९३७चा, नोवोसिबिर्स्कचा. मॉस्को कॉन्झर्व्हेटरीत युरी शापोरिनच्या हाताखाली शिकून तो १९६० मध्ये बाहेर पडला आणि त्याच सुमारास येव्गेनी मुर्झिनकडे पोहोचला. मुर्झिन हा लष्करी उपकरणं बनवणारा इंजिनिअर. युद्धकाळात त्याने तोफांच्या माऱ्याचं गणित करणाऱ्या यंत्रावर काम केलं होतं. पण तिसाच्या दशकापासून त्याच्या डोक्यात एकच खूळ होतं, वादकाशिवाय वाजणारं यंत्र. संगीतकाराने चित्र काढावं आणि यंत्राने ते थेट वाचावं. अलेक्झांडर निकोलायेविच स्क्रियाबिनच्या आद्याक्षरांवरून यंत्राचं नाव ठेवलं एएनएस. पुढे ते आर्बातजवळच्या स्क्रियाबिन संग्रहालयात बसवलं गेलं आणि तिथेच मॉस्कोचा इलेक्ट्रॉनिक संगीताचा स्टुडिओ उभा राहिला. श्नित्के, देनिसोव्ह, गुबायदुलिना हे संगीतकार सारे तिथे डोकावून गेले. चिवटपणे बसून राहिला तो अर्तेम्येव्ह.

यंत्राची रचना कळली नाही तर सॉफ्टवेअरमधल्या निम्म्या गोष्टी बिनकामाच्या वाटतात, म्हणून थोडक्यात. काचेच्या पाच चकत्या, प्रत्येकीवर १४४ गोलाकार पट्ट्या. पट्टीवर प्रकाशाची तीव्रता कमीजास्त करणारी लाट छापलेली. चकती फिरली की त्यातून गेलेला प्रकाश थरथरतो, आणि ती थरथर म्हणजेच एक शुद्ध स्वर, उपस्वरांशिवायचा. चकत्या सारख्याच, पण फिरण्याचा वेग वेगळा, त्यामुळे प्रत्येक चकती दोन सप्तकं सांभाळते. पाच गुणिले १४४ म्हणजे ७२० स्वर. दहा सप्तकं, प्रत्येक सप्तकाचे ७२ भाग. (पहिल्या नमुन्यात चारच चकत्या होत्या, म्हणजे ५७६ स्वर.)

हे सगळे स्वर सतत तयार असतात. त्यांच्यासमोर काळ्या, न वाळणाऱ्या लेपाची एक काच उभी असते. जिथे लेप खरवडाल तिथून प्रकाश जातो आणि तो स्वर ऐकू येतो. उभ्या दिशेला स्वराची उंची, आडव्या दिशेला काळ. एका अरुंद फटीसमोरून काच सरकते, मागे २० फोटोसेल आणि त्यांचे २० अ‍ॅम्प्लिफायर. काच हवी तेवढी सावकाश सरकवता येते, मध्येच थांबवताही येते. थांबवली की तोच स्वरगुच्छ अडकून राहतो. लेप वाळत नसल्यामुळे चूक झाली तर बोटाने सारवायची आणि पुन्हा खरवडायचं. वाजवायची पट्टी नाही, कळ नाही, तार नाही. ज्याला सुरावट सुचते त्याला हे वाद्य वैताग आणतं. ज्याला हवेचा पोत सुचतो त्याला ते सोडवत नाही.

सिनेमात ते कसं शिरलं

१९६३च्या 'स्वप्नाच्या भेटीला' या अंतराळपटात मुख्य संगीत वानो मुरादेलीचं. अंतराळातले इलेक्ट्रॉनिक तुकडे मात्र तरुण अर्तेम्येव्हने एएनएसवर केले. हे त्याचं पडद्यावरचं पाऊल. पुढे 'मोझाइक' (१९६७) आणि 'ध्वनिविश्वाकडे बारा दृष्टिक्षेप' (१९७०) या एएनएसवरच्या स्वतंत्र रचना झाल्या. मग १९७२ मध्ये 'सोलारिस'. तार्कोव्हस्कीला संगीतकाराकडून सुरावट नको होती. भाव जागवणारं संगीत बाखच्या एफ मायनर कोराल प्रिल्यूडने (बीडब्ल्यूव्ही ६३९) आधीच पुरवलं होतं. उरलेल्या सिनेमात त्याला आवाजांची रचना करणारा माणूस हवा होता. मुर्झिन १९७० मध्येच गेला होता, 'सोलारिस'चं हे संगीत त्याला ऐकायला मिळालं नाही.

यानंतर अर्तेम्येव्हची वाट फुटते, आणि ग्राहकाने इथे लक्ष द्यावं. 'मेलोदिया' या सोव्हिएत ध्वनिमुद्रण कंपनीच्या मॉस्को स्टुडिओत ब्रिटिश बनावटीचा 'सिंथी १००' हा सिंथेसायझर आला. हे कपाटाएवढं, व्होल्टेजने नियंत्रित होणारं यंत्र एएनएसपेक्षा पूर्ण वेगळ्या जातीचं आहे. बाहेरचं वाद्य त्यात घालून त्याचा आवाज वाकवता येतो. १९७९च्या 'स्टॉकर'चं संगीत या घराण्यातलं. आधी 'पुल्केरिमा रोझा' या १४व्या शतकातल्या सुरावटीवर वाद्यवृंदाचा एक आराखडा झाला होता, तो दिग्दर्शकाने नाकारला. मग आली अझरबैजानी तार, पाश्चात्त्य बासरी आणि खाली अखंड धरलेला स्वर. तानपुरा ऐकत वाढलेल्या कानाला 'स्टॉकर'ची श्रेयनामावली परकी वाटत नाही ती या धरलेल्या स्वरामुळे. पूर्व आणि पश्चिम एकाच षड्जावर उभी आहेत. १९८० मध्ये 'मेलोदिया'ने काढलेली 'मेटामॉर्फोसेस' ही तबकडीही सिंथीचीच, त्यात अर्तेम्येव्हसोबत युरी बोग्दानोव्ह आणि व्लादिमीर मार्तिनोव्ह होते.

आणि दिग्दर्शक मिखाल्कोव्हच्या सिनेमांतला अर्तेम्येव्ह तर तिसराच. 'परक्यांत आपला, आपल्यांत परका' (१९७४), 'प्रेमाची गुलाम' (१९७६), 'ओब्लोमोव्ह', 'बर्न्ट बाय द सन' (१९९४) यांत तो सरळसरळ गुणगुणता येणारा मेलडीकार आहे. कोंचालोव्हस्कीच्या 'सिबिरियाद'मध्ये (१९७९) सिंथेसायझर आणि रॉक एकत्र येतात, १९८०च्या मॉस्को ऑलिम्पिकसाठी तो कँटाटा लिहितो, पुढे दोस्तोयेव्हस्कीच्या कादंबरीवर 'रास्कोल्निकोव्ह' हा ऑपेरा. २९ डिसेंबर २०२२ रोजी मॉस्कोत तो वारला. एवढ्या मोठ्या कारकिर्दीतला 'व्हर्च्युअल एएनएस'च्या टप्प्यात येणारा भाग १९६० ते १९७२च्या आसपासचा आहे. जाहिरात वाचताना हे विसरायला होतं.

उघडल्यावर

काळा पडदा, त्यावर पांढरी रेघ. खिडक्या आणि मेनू झोलोतोवच्या स्वतःच्या धाटणीचे आहेत, विंडोज किंवा मॅकच्या सवयी इथे चालत नाहीत. पहिली वीस मिनिटं चाचपडण्यात जातात, त्याला इलाज नाही. तत्त्व मात्र काचेचंच आहे: पांढरं म्हणजे जोरात, करडं म्हणजे हळू, काळं म्हणजे शांत. वर तार सप्तक, खाली खर्ज.

पहिलं काम मूळ यंत्राची मापं घालणं. सप्तकाला ७२ ओळी, म्हणजे अर्ध्या स्वराला ६. दहा सप्तकं, एकूण उंची ७२०. सर्वांत खालची ओळ २० हर्ट्झच्या आसपास धरली की वरची २० हजाराच्या जवळ जाते. सॉफ्टवेअर याहून बारीक भाग करू देतं आणि मोह होतोच, पण सुरुवातीला ७२वरच थांबावं. एएनएसचा स्वभाव या आकड्यात आहे.

का, ते मोजून पाहा. लगतच्या दोन ओळींत १६.७ सेंटचं (सेंट म्हणजे अर्ध्या स्वराचा शंभरावा भाग) अंतर, म्हणजे जवळपास एक टक्का. १०० हर्ट्झपाशी शेजारच्या दोन ओळी एकत्र पेटवल्या तर सेकंदाला साधारण एक हेलकावा येतो. ५० हर्ट्झपाशी दोन सेकंदांना एक. १००० हर्ट्झपाशी सेकंदाला जवळजवळ दहा, तो आता हेलकावा नाही, खरखर आहे. म्हणजे एकाच जाडीची पांढरी पट्टी खाली ओढली तर समुद्र, वर ओढली तर पत्रा. 'सोलारिस'च्या आवाजात खालचं पाणी आणि वरची धातूची चरचर एकाच हाताने काढल्यासारखी का वाटतात, त्याचं उत्तर या एका सरावात मिळतं. सप्तकाचे ३०० भाग केलेत तर हे हेलकावे इतके लांबतात की पट्टी नुसती गुळगुळीत ऐकू येते.

समुद्रासाठी कृती अशी. सर्वांत खालची ओळ शून्य धरून १०९ ते १२० या बारा ओळी पेटवा. मध्य साधारण ६० हर्ट्झ, रुंदी एका पूर्ण स्वराची. उजळपणा सगळ्यांना सारखा देऊ नका. मधल्या चार ओळी निम्म्या उजळ, कडेच्या त्याहून मंद. सुरुवात आणि शेवट आठ-दहा सेकंदांत पुसट होत गेला पाहिजे. त्यावर एक सप्तक वर, म्हणजे ७२ ओळी सोडून, तोच आकार एक तृतीयांश उजळपणाने आणि तीनेक सेकंद उशिरा. बस, एवढंच. त्यावर आणखी चार थर चढवण्याची घाई केली की गाळ होतो. अर्तेम्येव्हकडे स्वर ७२० होते, पण ते सगळे एका वेळी वाजवायचा त्याला मोह झाला नाही.

हेडफोन लावूनच हे करा. लॅपटॉपच्या स्पीकरमधून १५० हर्ट्झखाली जेमतेम काही येतं. समुद्र काढला आणि काहीच ऐकू आलं नाही म्हणून ओळी आणखी उजळ करत बसणं ही नवख्यांची सर्वांत नेहमीची चूक. मग तीच फाइल चांगल्या स्पीकरवर लागली की कपाटाची दारं वाजतात.

तानपुऱ्याची चाचणी

कुठल्याही स्वरयंत्राला आपल्याकडे एक कसोटी लावायलाच हवी. तिचा निकाल अनपेक्षितपणे चांगला लागतो. खर्जाचा सा १२९व्या ओळीवर घ्या. तो सुमारे ६९ हर्ट्झ येतो, म्हणजे काळी एक पट्टीचा खर्ज. त्याचे स्वयंभू स्वर (मूळ स्वरासोबत आपोआप उमटणारे वरचे स्वर) या ओळींवर बसतात: २०१, २४३, २७३, २९६, ३१५, ३३१, ३४५, ३५७, ३६८. हे गणित जुळवून घेतलेलं नाही. सप्तकाचे ७२ भाग केले की नैसर्गिक स्वरमालेतले पहिले दहाही स्वर चार सेंटच्या आत कुठल्या ना कुठल्या ओळीवर येतात. २९६वी ओळ म्हणजे स्वयंभू गंधार, जेमतेम तीन सेंट उतरलेला. पेटीचा गंधार १४ सेंट चढा असतो, हे लक्षात घेतलं तर फरक कळेल. पंचमात तर फरक दोन सेंटचा.

म्हणजे स्वरांचं स्थान बिनचूक. तरीही निघतो तो तानपुरा नाही, ऑर्गनसारखा काहीतरी. कारण जवारी. मिरजेचा कारागीर घोडी घासून आणि तिच्यावर दोरा सरकवून जी जवारी काढतो तिच्यात वरच्या स्वरांचं बळ क्षणोक्षणी बदलत असतं. इथे तुम्ही आडवी सरळ रेघ मारलीत, ती सरळच वाजणार. जवारीच्या जवळ जायचं तर प्रत्येक स्वयंभू स्वराची रेघ वेगळ्या क्षणी उजळून वेगळ्या क्षणी मावळली पाहिजे. दहा रेघा, प्रत्येक छेडीला. चार तारांच्या एका आवर्तनाला चाळीस. ते एकदा काढून, कॉपी करून पुढे चिकटवलं तर चौथ्या आवर्तनाला कान ओळखतो की हे शिक्के आहेत. मुर्झिनच्या काचेवर हाताने खरवडताना दोन रेघा कधी सारख्या आल्या नाहीत. हा फरक छोटा नाही.

श्रुतींसाठी वापरायचं म्हणाल तर हात जपून. प्रमाणश्रुती (श्रुतींमधलं सर्वांत लहान अंतर) साडेएकवीस सेंटची, इथली पायरी १६.७ची. एका पायरीत ती अपुरी, दोनांत जास्त. अभ्यासासाठी हवं असेल तर या एका कामापुरते सप्तकाचे भाग वाढवा.

चित्रं आणि ध्वनिमुद्रणं आत घेताना

कोणतंही चित्र आत घेता येतं, आणि इथेच बहुतेकांचा विरस होतो. घरच्या अल्बममधला फोटो टाकला तर तो वाजतो वादळी पावसासारखा, मग फोटो आजीचा असो वा गडाचा. कारण साधं आहे. फोटोत काळं जवळजवळ नसतंच, म्हणजे शेकडो ओळी एकाच वेळी थोड्या थोड्या पेटलेल्या. आधी जिंपसारख्या चित्रसंपादनाच्या प्रोग्राममध्ये चित्र काळं-पांढरं करा, पांढरी पार्श्वभूमी असेल तर उलट करा आणि काळी पातळी इतकी वर न्या की दहा टक्क्यांहून जास्त पडदा उजळ राहणार नाही. चित्राची उंची प्रकल्पाच्या उंचीइतकीच, ७२० पिक्सेल, ठेवा. लहान-मोठं असेल तर ताणताना रेघा शेजारच्या ओळींत सांडतात आणि नको तिथे हेलकावे येतात. सेव्ह पीएनजीतच करा. जेपीईजीमध्ये रेघेभोवती जी करडी धूळ जमते तीही वाजते.

उभी कड टाळा. काळ्यातून एकदम पांढऱ्यात गेलेली उभी कड म्हणजे 'टक्' असा आवाज. पाच-सहा पिक्सेलची पुसट चढण पुरते. उलट मुद्दाम ठोका हवा असेल तर हीच कड वापरा, पण तो ठोका तबल्याचा होणार नाही.

ध्वनिमुद्रण आत घेऊन त्याचं चित्र करणं हा या सॉफ्टवेअरचा सर्वांत उपयोगी भाग. मूळ यंत्रात ही सोय नव्हती. उदाहरणार्थ लोकलचा रुळांवरचा खडखडाट घ्या. चित्रात खालच्या भागात उभे ठिपके दिसतील आणि मध्ये ब्रेकच्या किंचाळीची वाकडी रेघ. आता ठिपके आडवे ताणत न्या, हळूहळू वरच्या काही ओळींवर स्थिर रेघा उमटू द्या. 'स्टॉकर'मध्ये तिघे ट्रॉलीवरून झोनकडे जातात तेव्हा चाकांचा खडखडाट कळत नकळत संगीत होत जातो. ते साधन वेगळं होतं, पण विचार हाच. सांधा ऐकू आला की काम फसलं.

मर्यादा दोन. चित्रात फक्त प्रत्येक स्वराचं बळ साठतं, लाटेची बाकीची माहिती जाते. त्यामुळे टाळी, चाट, व्यंजनं यांची धार बोथट होते. माणसाचं बोलणं पाण्याखालून आल्यासारखं वाटतं. दुसरी मर्यादा निसर्गाची आहे, झोलोतोवची नाही. ६० हर्ट्झपाशी शेजारच्या ओळींत जेमतेम ०.६ हर्ट्झचं अंतर असतं. ते वेगळं ओळखायला आवाज पावणेदोन सेकंद तरी ऐकावा लागतो, म्हणून खर्जातले ठोके फैलावतात. मृदंगाचं मुद्रण आत टाकून तक्रार करू नये.

आवाज फुटणं ही तिसरी कटकट. एकाच क्षणी शंभर ओळी पूर्ण उजळ असतील तर त्यांची बेरीज फुगणारच. मास्टर आवाज खाली आणण्यापेक्षा चित्रच मंद करा, कारण ओळींचं आपसातलं प्रमाण मग डोळ्यांना दिसतं. बाहेर काढायचं डब्ल्यूएव्ही स्वरूपात. कान तृप्त होईपर्यंत घोळवायचं काम, प्रतिध्वनी आणि बाकी मिश्रण, नेहमीच्या ध्वनिसंपादकात करावं. मूळ यंत्रामागे २० अ‍ॅम्प्लिफायर होते, म्हणजे स्वरपट्टा वीस तुकड्यांत वेगवेगळा चढवता-उतरवता यायचा. तो अनुभव हवा तर संपादकात ग्राफिक इक्वलायझर लावून फाइल वाजताना हाताने हलवत मुद्रित करा. फरक पटकन कळतो, नुसत्या चित्रातून निघालेला आवाज त्यापुढे निर्जीव वाटतो.

हीच खरं तर मुख्य तक्रार. हे सॉफ्टवेअर फार स्वच्छ आहे. लेपाच्या खरवडीची कड कधी सरळ नसते, काचेवर धूळ असते, चकत्या फिरवणारी यंत्रणा किंचित डगमगते, फोटोसेलची स्वतःची सळसळ असते. गुबायदुलिना किंवा श्नित्केच्या एएनएसवरच्या रचना ऐकल्या की ती सळसळ कानावर येतेच. सॉफ्टवेअरमध्ये ती नाही. उपाय म्हणून संपूर्ण चित्रावर दोन-तीन टक्क्यांची दाणेदार करडी झाक मारून पाहा, बऱ्यापैकी जवळ जाता येतं. टेपवर पुन्हा मुद्रित करण्याची सोय असेल तर अधिकच.

सोबत काय ऐकावं

नुसतं सॉफ्टवेअर घेऊन बसलात तर आठवड्यात कंटाळा येईल. सिनेमा बाजूला लावून काम करा. 'सोलारिस' आणि 'स्टॉकर' दोन्ही मॉसफिल्मने आपल्या अधिकृत यूट्यूब वाहिनीवर ठेवले आहेत. 'सोलारिस'मधला टोकियोच्या रस्त्यांवर चित्रित झालेला मोटारीचा लांब प्रवास हा सर्वांत चांगला धडा. कित्येक मिनिटं कोणी काही बोलत नाही. खऱ्या रहदारीच्या आवाजाखाली कृत्रिम थर कुठे सुरू होतो ते घड्याळ लावून टिपायचा प्रयत्न करा. दर वेळी वेगळी वेळ टिपाल. मग तो आवाज आत घेऊन चित्र पाहा, डोळ्यांनाही सांधा सापडत नाही.

मुर्झिनच्या यंत्राचं शुद्ध रूप ऐकायचं तर 'मेलोदिया'ची 'संगीतार्पण' ही संकलन तबकडी शोधा, अर्तेम्येव्ह, श्नित्के, गुबायदुलिना, देनिसोव्ह एकाच ठिकाणी मिळतात. त्यातही श्नित्केची 'प्रवाह' (१९६९) आधी. खर्जावरून वर चढत जाणाऱ्या थरांचं चित्र मनात उभं राहतं आणि आपण काय काढायचं ते कळतं. परकीयांनी या यंत्राशी काय केलं ते ऐकायचं तर 'कॉइल' या ब्रिटिश गटाचा 'एएनएस' हा संच आहे. तो लांबलचक आहे, चवीचवीने घ्यावा. 'द मिरर' (१९७५) मात्र या यादीत ठेवू नका. त्यात बाख, पेर्गोलेसी, पर्सेल इतके पुढे आहेत की अर्तेम्येव्हचा हात ओळखायला आधी बाकी दोन सिनेमे मुरलेले असावे लागतात.

कोणी घ्यावं

ध्वनिआरेखनाचे विद्यार्थी, लघुपटांसाठी वातावरण रचणारे, प्रायोगिक नाटकाला आवाज देणारे यांनी संगणकावरची आवृत्ती आजच उतरवून घ्यावी. फुकट आहे, जुन्या संगणकावरही मोठी अडचण येत नाही, फक्त शेकडो ओळींचं चित्र वाजवताना इतर प्रोग्राम बंद ठेवा. गाण्याच्या चाली बांधणाऱ्यांना याचा उपयोग शून्य. कीबोर्डवर हात बसलेल्यांनी मिडी (कीबोर्ड संगणकाशी जोडण्याची पद्धत) जोडून स्वर वाजवण्याची सोय वापरून पाहायला हरकत नाही, पण त्याने हे यंत्र साधारण सिंथेसायझर होऊन बसतं आणि तसे सिंथेसायझर याहून चांगले पुष्कळ आहेत.

मोबाइलच्या आवृत्तीसाठी पैसे घालण्याआधी एक हिशोब करा. आडव्या धरलेल्या सहा इंची मोबाइलची उंची साधारण ६५ मिलिमीटर. त्यात ७२० ओळी, म्हणजे मिलिमीटरला अकरा. बोटाचं टोक काचेवर सात मिलिमीटर जागा घेतं, म्हणजे एका बोटाखाली ७७ ओळी, एक अख्खं सप्तक आणि वर थोडं. दोन मिलिमीटर टोकाचा स्टायलस घेतला तरी त्याखाली सा ते गंधार एवढं अंतर दबतं. मोबाइलवर घ्यायचंच असेल तर आधी चित्र मोठं करून घ्यायचं आणि मगच रेघ ओढायची. टॅब्लेट आणि बारीक टोकाचा स्टायलस असेल तर गोष्ट वेगळी, मग पैसे वसूल होतात.